सरोवरापासून भातशेतापर्यंत : बालीतला उतारावरचा एक दिवस

आदल्या दिवशी, उबुद

बालीत सायकलवरून डोंगर उतरण्याच्या सहली दोन प्रकारच्या असतात. एका प्रकारात जाड सीटच्या साध्या सायकलवर बसून गावांमधल्या डांबरी रस्त्यांनी जवळजवळ पेडल न मारता खाली यायचं. लहान मुलांपासून आजी-आजोबांपर्यंत सगळ्यांना ते जमतं. दुसऱ्या प्रकारात खरी माउंटन बाइक मिळते. पुढे सस्पेन्शन, हायड्रॉलिक डिस्क ब्रेक, आणि वाट जाते कॉफीच्या बागांतून, बांबूच्या बनांतून, पाटाकाठच्या पायवाटांवरून. माझ्या भाच्याला ही दुसरी हवी होती, आणि मलाही. तो कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि त्याला सायकलपुढे काही सुचत नाही. मी रविवारी पहाटे घाट चढणारी त्याची मावशी. उतरण्यासाठी म्हणून एवढं लांब जायचं ही कल्पना त्याचीच.

उबुद गावात आम्ही मुक्कामाला होतो त्या घरच्या मालकीणबाईंनी गाईड ठरवून दिला. त्यानं संध्याकाळी फोन करून दोघांची उंची, वजन, मातीच्या वाटेवर सायकल चालवण्याचा अनुभव आणि गुडघ्या-पाठीच्या जुन्या तक्रारी, सगळं विचारून घेतलं. तेव्हाच मला बरं वाटलं. हे काहीच न विचारता फक्त पैसे आणि हॉटेलचं नाव विचारणारा असेल, तर खडबडीत वाटेवर त्याच्या भरवशावर जाऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे.

विमानतळावरच्या व्हिसासाठी ५ लाख रुपिया लागतात, आणि फेब्रुवारी २०२४ पासून परदेशी पर्यटकांना १ लाख ५० हजार रुपियांचं पर्यटन शुल्क लागू झालं आहे. दोन्ही घरून ऑनलाइन भरून निघालं की उतरल्यावरच्या रांगा टळतात. घड्याळ आपल्यापेक्षा अडीच तास पुढे असतं, त्यामुळे इथली पहाट पहिले एक-दोन दिवस फारच पहाट वाटते. सहलीच्या आधी एखादा दिवस नुसता झोपायला ठेवा.

सकाळी, पेनेलोकान

साडेसहाला गाडी आली. मागे सायकली बांधलेला छोटा ट्रक, पुढे आम्ही दोघं आणि ऑस्ट्रेलियाहून आलेले एक वडील आणि त्यांची शाळकरी मुलगी. गाईड चाळिशीचा, बारीक, मोजकं बोलणारा. इथे वयानं मोठ्या पुरुषाला आपण दादा म्हणतो तसं ‘ब्ली’ म्हणतात, म्हणून आम्हीही ब्लीच म्हणायला लागलो. त्याच्याबरोबर शेवटी राहायला एक तरुण मदतनीस होता.

उबुद समुद्रसपाटीपासून जेमतेम दोन-तीनशे मीटर उंचीवर आहे. बातुर ज्वालामुखीच्या विवराच्या कडेवरचं पेनेलोकान साधारण १,४५० मीटरवर. तासा-सव्वातासात हवा बदलत गेली आणि वर उतरलो तेव्हा भाच्यानं बॅगेतला विंडचीटर काढला. मी आदल्या रात्री सांगितलं होतं तेव्हा त्याला ते पटलं नव्हतं. विषुववृत्ताच्या इतक्या जवळ दात वाजतील यावर कुणाचाच विश्वास बसत नाही, पण किंतामणीच्या, म्हणजे या डोंगरभागाच्या, सकाळी वाजतात.

मग ढग सरकले आणि समोर सगळं विवर उघडलं. सुमारे १४ किलोमीटर लांब आणि १० किलोमीटर रुंद. त्याच्या आत १,७१७ मीटर उंचीचा बातुर पर्वत, त्याच्या उतारांवरून खाली आलेले लाव्हाचे काळे पट्टे, आणि पलीकडच्या कडेला बिलगलेलं कोयरीसारखं वाकलेलं सरोवर. मी बराच वेळ काही बोलले नाही. १९२६ च्या उद्रेकात पायथ्याचं बातुर गाव लाव्हाखाली गेलं. माणसं वाचली. त्यांनी आपलं गाव आणि देवस्थान दोन्ही विवराच्या कडेवर आणून पुन्हा वसवलं. आजचं ‘पुरा उलुन दानु बातुर’ ते हेच, सरोवराच्या देवीचं, देवी दानुचं देऊळ.

ब्लीनं कठड्यावर हात ठेवून सरोवराकडे बोट दाखवलं. या सरोवरातून एकही नदी बाहेर पडत नाही, तो म्हणाला. पाणी ज्वालामुखीच्या सच्छिद्र थरांत मुरतं आणि खाली कुठेकुठे झऱ्यांनी वर येतं. खालचे शेतकरी आपल्या पाटातलं पाणी या देवीचं मानतात आणि तिच्यासाठी इथे वर देवळात नैवेद्य घेऊन येतात. “आपण आज त्या पाण्याच्याच मागून खाली जायचं,” तो म्हणाला. तोपर्यंत माझ्या डोक्यात फक्त उतार होता. त्यानंतर दिवसभर मी पाणी शोधत होते.

गाडीतळावर त्यानं अर्धा तास नुसता सराव करून घेतला, आणि तो मला सगळ्यात उपयोगी वाटला. दोन्ही पेडल जमिनीला समांतर, गुडघे आणि कोपरं सैल, सीटवरून किंचित उठलेलं, वजन पायांवर. नजर पुढच्या चाकावर नाही, आठ-दहा मीटर पुढे. ब्रेकवर एकच बोट, बाकीची बोटं हँडलवर. लांब उतारावर ब्रेक सतत दाबून धरला की डिस्क तापते, पकड कमी होते आणि पंजा आखडतो, म्हणून दाबायचा, सोडायचा, पुन्हा दाबायचा. वेग वळणाच्या आधी कमी करायचा, वळणात शिरल्यावर नाही. आणि निघण्यापूर्वी पुढचा ब्रेक कुठल्या हाताला आहे ते जागेवर उभं राहून बघायचंच. आमच्या दोघांच्या सायकलींत तो वेगवेगळ्या हाताला होता. घाईत उलटा ब्रेक दाबला गेला तर माणूस हँडलवरून पुढे जातो.

कॉफीच्या बागा

पहिला टप्पा सोपा, बागांमधून जाणारी मातीची गाडीवाट. दोन्ही बाजूंना संत्र्यांची झाडं, फळांनी वाकलेली, आणि मधूनमधून कॉफी. सावलीला पांगारा लावलेला. किंतामणीची अरेबिका कॉफी ही इंडोनेशियातलं भौगोलिक मानांकन मिळालेलं पहिलं उत्पादन, २००८ सालचं. इथले शेतकरी कॉफीच्या ओळींत संत्री घेतात आणि कॉफीत किंचित लिंबूवर्गी आंबटपणा उतरतो असं अभिमानानं सांगतात. एका अंगणात पिवळी-लाल फळं ताडपत्रीवर निवडत बसलेल्या बाईंनी आम्हाला थांबवून ग्लासात कॉफी दिली. बारीक दळलेली पूड तशीच गरम पाण्यात, गाळण्याचा प्रश्न नाही. गाळ खाली बसेपर्यंत थांबायचं. थंडीत ती वाट पाहणं फार चांगलं वाटलं.

बहुतेक सहलींत इथे उदमांजराच्या विष्ठेतून काढलेल्या लुवाक कॉफीचं केंद्र दाखवतात. आम्ही आधीच ते वगळायला सांगितलं होतं. ही निशाचर, रानात भटकणारी जनावरं पर्यटकांसाठी दिवसभर पिंजऱ्यात ठेवलेली असतात आणि ते बघायला पैसे देणं मला मान्य नाही. तुम्हीही सांगा. गाईड वाईट मानत नाहीत, आणि तेवढा वेळ वाटेवर जास्त मिळतो.

या भागातल्या कुत्र्यांबद्दल सांगायला हवं. किंतामणीची झुबकेदार शेपटीची, बहुतेक पांढरी कुत्री ही स्वतंत्र जात आहे आणि २०१९ मध्ये एफसीआय या आंतरराष्ट्रीय संस्थेनं तिला तात्पुरती मान्यताही दिली. दिसायला देखणी आणि आपल्या अंगणाबद्दल फार जागरूक. सायकल दिसली की भुंकत बाजूनं धावतात. ब्लीचा नियम: वेग वाढवायचा नाही, पाय उचलायचे नाहीत, सरळ रेषेत शांतपणे जायचं. पाच-सहा घरांपुढून असं गेलो आणि प्रत्येक वेळी ती घराची हद्द संपली तशी थांबली. मात्र बालीत २००८ पासून रेबीज आहे. चावलं किंवा ओरखडलं तर जखम साबणाच्या वाहत्या पाण्यानं पंधरा मिनिटं धुवायची आणि त्याच दिवशी लशीसाठी दवाखाना गाठायचा.

बांबूचं बन

बागा संपल्या आणि वाट एका घळीच्या काठाकाठानं बांबूच्या बनात शिरली. दिवसातला सगळ्यात अवघड आणि मला सगळ्यात आवडलेला भाग. वाट एका सायकलपुरती, डाव्या हाताला घळ, चाकाखाली ज्वालामुखीची काळी भुसभुशीत माती आणि तिच्यावर बांबूच्या पानांचा जाड थर. पानं कोरडी असली तरी घसरतात, ओली असली तर विचारूच नका. अशा जागी पुढचा ब्रेक अगदी हलका ठेवायचा आणि थोडं वजन मागे न्यायचं. टायरमधली हवाही ब्लीनं इथे थोडी कमी केली, पकड वाढते म्हणून.

भाचा पुढे, मी मागे. घरी तो उतारावर नेहमी सुसाट जातो आणि मी ओरडत असते. इथे मात्र ब्लीनं त्याला बरोबर आपल्या मागे ठेवलं होतं आणि त्याच्या चाकाच्या रेषेतच चाक ठेवायला सांगितलं होतं. दहा मिनिटांत पोराची चाल बदलली. वेग तसाच, पण झटके नाहीत. वळणाच्या आधी खांदा वळतो, मग सायकल. इतकी वर्षं मी जे तोंडानं सांगत आले ते एका माणसानं न बोलता दाखवलं. थांबल्यावर भाचा म्हणाला, “मावशी, मी आजपर्यंत फक्त ब्रेक मारत होतो गं.” तो उत्साहानं लाल झाला होता.

घळीच्या तळाशी पहिल्यांदा पाणी दिसलं. कातळाच्या फटीतून हाताच्या जाडीची धार येत होती, तिच्यापुढे दगडी तोटी बसवलेली, वर काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचं कापड गुंडाळलेला दगड आणि नारळाच्या पानाच्या द्रोणात ताजी फुलं. गावातली एक म्हातारी प्लॅस्टिकच्या कॅनमध्ये पाणी भरून वर चढत होती. मदतनिसानं आपली सायकल आडवी टाकली आणि तिचा कॅन वरपर्यंत नेऊन दिला. आम्ही तेवढा वेळ तिथे बसलो.

पाऊस आणि मिरवणूक

साडेदहाच्या सुमारास पाऊस आला. कोरडा हंगाम एप्रिल ते ऑक्टोबर, पण डोंगराच्या या बाजूला सरी कधीही येतात. एका गावाच्या सामाईक सभागृहात, म्हणजे ‘बाले बान्जार’मध्ये, आम्ही आडोशाला शिरलो. कोपऱ्यात उंच मनोऱ्यावर पोकळ लाकडी ढोल टांगलेला होता. बैठक, मृत्यू, आग, प्रत्येकासाठी तो वेगळ्या ठेक्यात वाजवतात. खाली घंटेच्या आकाराच्या बांबूच्या टोपल्यांखाली कोंबडे, आणि त्यांचे मालक असलेले चार आजोबा बुद्धिबळ खेळत बसलेले.

आम्ही भारतातून आलोय म्हटल्यावर पट बाजूला झाला. एका आजोबांना अभिमन्यूबद्दल बोलायचं होतं. टीव्हीवरची भारतातली महाभारताची मालिका त्यांनी पाहिली होती, शिवाय छायाबाहुल्यांच्या खेळात हीच गोष्ट ते लहानपणापासून ऐकत आले होते. ब्ली दुभाषा झाला. त्यांचा प्रश्न असा: चक्रव्यूह भेदायचं अर्धंच ज्ञान आहे हे माहीत असताना युधिष्ठिरानं पोराला आत जाऊच का दिलं? भाच्यानं आपल्या परीनं उत्तर दिलं, भीमानं मागून यायचं ठरलं होतं आणि जयद्रथानं वाट अडवली. आजोबांना ते पुरेसं वाटलं नाही. वडीलधाऱ्यानं मुलाला मागची वाट मोकळी असल्याखेरीज पुढे पाठवू नये, ते म्हणाले. पावसाच्या आवाजात, ओल्या कपड्यांत, आम्ही सगळे त्या प्रश्नात गुंतून गेलो होतो.

पाऊस थांबल्यावर निघालो तर अर्ध्या किलोमीटरवर वाट बंद. गावच्या देवळाचा वार्षिक उत्सव होता. पांढऱ्या-पिवळ्या कपड्यांतल्या बायका फळांचे आणि तांदळाच्या मिठायांचे हातभर उंच मनोरे डोक्यावर घेऊन, हात न लावता, ओल्या रस्त्यावरून चालत होत्या. मागे झांजा आणि ढोल. ब्लीनं सगळ्यांना सायकलवरून उतरवलं, सायकली कडेला टेकवायला लावल्या, आणि भिंतीवर चढून फोटो काढायला निघालेल्या त्या ऑस्ट्रेलियन मुलीला हळूच खाली बोलावलं. मिरवणुकीतल्या पुजाऱ्यांपेक्षा आणि देवांपेक्षा उंच उभं राहायचं नाही. मिरवणूक मधून ओलांडायची नाही, हॉर्न-घंटा वाजवायची नाही. थांबण्यात पाऊण तास गेला आणि आम्ही कुणीही घड्याळ पाहिलं नाही. अशा सहलीनंतर त्याच दिवशीचं विमान किंवा बोट ठरवू नका, हे मात्र यातून घ्या.

भातशेती

ताम्पाकसिरिंग गावाच्या आसपास उष्मा परत आला आणि डोंगरउतारावर पायऱ्यापायऱ्यांची भातखाचरं सुरू झाली. इथे वाट पाटाच्या काठानं जाते, एका बाजूला गुडघाभर वाहतं पाणी, दुसऱ्या बाजूला दोन-तीन मीटर खाली पुढचं खाचर. चालवण्यासारखी आहे, पण नजर हलली की संपलं. प्रत्यक्ष बांधांवर मात्र ब्लीनं सायकली हातात घ्यायला लावल्या. टायरनं बांधाची कड ढासळली तर वरच्या खाचराचं पाणी खाली फुटतं, आणि ते दुरुस्त करायला शेतकऱ्याचा अख्खा दिवस जातो. काही गट तिथूनही सायकली हाकतात. तुमचा गाईड तसं करायला लागला तर तुम्हीच उतरा.

एका ठिकाणी पाटात आडवा ओंडका होता आणि त्यात वेगवेगळ्या रुंदीच्या खाचा पाडलेल्या. रुंद खाचेतून जास्त जमिनीचं पाणी जातं, अरुंद खाचेतून कमी. कुलूप नाही, मीटर नाही; कुणी खाच वाढवली तर सगळ्यांना दिसते. हीच ‘सुबाक’, बालीतली शेतकऱ्यांची पाणीवाटपाची व्यवस्था. तिला हजार वर्षांहून जास्त इतिहास आहे. २०१२ मध्ये युनेस्कोनं तिच्या भूभागाला जागतिक वारशाचा दर्जा दिला, आणि त्यात सकाळी पाहिलेलं विवराच्या कडेवरचं देऊळही आहे. कोणी कधी लावणी करायची, कोणत्या पाटाला कधी पाणी सोडायचं, हे सुबाकचे शेतकरी देवळात एकत्र बसून ठरवतात.

ब्लीचे वडील शेतकरी. त्यांच्या तरुणपणी, १९७० च्या दशकात, हरित क्रांतीच्या धोरणानं सांगितलं की देवळाचं वेळापत्रक सोडा, नव्या वाणाचं भात मिळेल तितक्या वेळा लावा. प्रत्येकानं आपल्या सोयीनं लावणी केली. शेजारच्या खाचरात कायम कोवळं भात उभं राहिलं, तपकिरी तुडतुड्यांना आणि रोगांना मोकळं रान मिळालं, पाण्यासाठी भांडणं लागली. पूर्वी सगळा टापू एकदमच कापला जायचा आणि एकदमच पाण्याखाली पडीक राहायचा, तेव्हा किडीला खायलाच काही उरत नसे. पुढे एका अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञानं संगणकावर हे सगळं मांडून दाखवलं की देवळांचं वेळापत्रकच पाणी आणि कीड या दोन्हींचा तोल सांभाळत होतं. ब्ली म्हणाला, वडिलांना त्यात नवल वाटलं नाही. आम्ही उभे होतो त्याच्या खाली कापणी झालेल्या खाचरात बदकांचा कळप सांडलेले दाणे आणि किडे टिपत फिरत होता.

मला स्वतःला ही जागा सगळ्या उतारापेक्षा मोठी वाटली. सकाळी धुक्यात पाहिलेल्या सरोवरापासून या ओंडक्याच्या खाचेपर्यंतची वाट चाकांखालून, एका सलग दिवसात गेली होती. गाडीनं आले असते तर दोन्ही फक्त फोटो काढण्याच्या जागा राहिल्या असत्या.

जेवण

उबुदच्या थोडं वर ब्लीच्या काकांच्या घरी जेवण. बालीतलं घर म्हणजे भिंतीच्या आत वेगवेगळ्या खोल्यांचा वाडा. दारातून शिरलं की समोर आडवी भिंत, वाईट शक्तींची वाट अडवायला. डोंगराकडच्या कोपऱ्यात घरचं देऊळ, समुद्राकडच्या बाजूला स्वयंपाकघर. इथे दिशा डोंगर आणि समुद्र यांवरून ठरतात, आणि दिवसभर उतरून आल्यावर ते आम्हाला न समजावता कळत होतं.

पानात भात, खोबऱ्यात कालवलेल्या वाफवलेल्या भाज्यांचा ‘उराब’, कुरकुरीत तळलेलं तेम्पे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची वडी, कच्चा कांदा-गवती चहा-मिरचीचं ‘सांबाल माताह’. मांसाहार करणाऱ्यांसाठी गवती चहाच्या काडीवर लिंपून भाजलेले माशाचे ‘साते लिलित’. शाकाहारी मंडळींनी एक गोष्ट लक्षात ठेवा: बहुतेक सांबालमध्ये कोळंबीची वाटलेली पेस्ट, ‘तेरासी’, असते. तेरासी नको असं शब्द उच्चारून सांगितलं की वेगळं करून देतात. शेवटी ‘लाकलाक’ आले, तांदळाच्या पिठाचे छोटे मऊ घावन, वर किसलेलं खोबरं आणि काळ्या गुळाचा पाक. भाच्यानं ताटली तीनदा पुढे केली आणि काकूंना त्याचा फार आनंद झाला.

दुसऱ्या दिवशी, तीर्ता एम्पुल

पाय ठीक होते, दुखत होते ते हातांचे पुढचे स्नायू. त्यासाठी आठवडाभर आधीपासून ओला टॉवेल पिळण्याचा व्यायाम करा, खरंच फरक पडतो. बोटं पूर्ण झाकणारे हातमोजे, जाड तळव्याचे बूट, चष्मा आणि सुक्या कपड्यांचा एक जोड स्वतःचा न्या. हेल्मेट मिळतं, ते घट्ट बसतं का ते निघण्यापूर्वी बघा.

आदल्या दिवशी तीर्ता एम्पुल या झऱ्याच्या देवळावरून नुसतं पुढे गेलो होतो. भाचा रात्री म्हणाला, पाण्याच्या मागे आलो आणि पाण्यात उतरलोच नाही. म्हणून सकाळी सातला पुन्हा ताम्पाकसिरिंग, या वेळी टॅक्सीनं. इसवी सन ९६२ च्या सुमारास इथल्या झऱ्याभोवती हे देऊळ बांधलं. मागच्या कुंडात तळाच्या काळ्या वाळूतून पाणी अजून उकळल्यासारखं वर येताना दिसतं, आणि पुढच्या कुंडांत ओळीनं लावलेल्या दगडी तोट्यांखाली लोक एकेक करून डोकं धरतात. पाण्यात उतरण्यासाठी वेगळं लुंगीसारखं वस्त्र तिथेच भाड्यानं मिळतं. ओळीतल्या दोन तोट्या मृतांच्या विधींसाठी आहेत, त्यांच्याखाली थांबायचं नाही. आमच्या पुढे असलेल्या गावातल्या एका बाईंनी आपली पाळी थांबवून त्या दोन कोणत्या ते आम्हाला हातानं दाखवलं. पाणी बर्फासारखं गार होतं. नऊनंतर बसगाड्या येऊ लागतात आणि रांग कुंडाबाहेर जाते, म्हणून गेलात तर सातलाच जा.